न्यायालयाचा आदेश, नगरपालिकेचे कर्तव्य आणि आपला स्वतःचा स्लॅब

(मंडळाच्या वार्षिक सर्वसाधारण सभेत कार्यकारिणीच्या वतीने झालेल्या भाषणाचा मजकूर. सभेला येऊ न शकलेल्या सभासदांसाठी येथे देत आहोत.)



कार्यक्रमपत्रिकेत हा विषय सातव्या क्रमांकावर आहे. सातव्या क्रमांकापर्यंत सभागृह अर्धे रिकामे होते आणि उरलेल्यांचे लक्ष चहाकडे असते, हा आपला नेहमीचा अनुभव. म्हणून अध्यक्षांच्या परवानगीने आम्ही तो आधी घेत आहोत. विषय आहे बावडीच्या गल्लीतील अतिक्रमणाचा, उच्च न्यायालयाने त्यावर दिलेल्या आदेशाचा, आणि तो आदेश न पाळल्याबद्दल नगरपालिकेविरुद्ध अवमान याचिका करायची की नाही याचा. शेवटी आपल्याला एक मत द्यायचे आहे, आणि ते सोपे नाही. म्हणून सर्व गोष्टी, आपल्या सोयीच्या आणि गैरसोयीच्या, आज मोकळेपणाने मांडतो.

प्रथम गल्लीविषयी. आपले पूर्वज शिंदे, होळकर, पवारांच्या फौजेबरोबर आणि दप्तराबरोबर माळव्यात आले, तेव्हापासून राममंदिरामागून घाटावर जाणारी ही वाट आहे. तहसिलीतून काढलेल्या नजूलच्या नकाशाच्या प्रमाणित प्रतीत तिची रुंदी 18 फूट आहे. आज टेप लावली तर काही ठिकाणी जेमतेम 7 फूट भरते. हे कोणी एका रात्रीत केले नाही. आधी एक ओटा आला. मग ओट्यावर पत्रा, पत्र्याखाली भिंत, आणि भिंतीला शटर. दर वेळी फक्त दोन हात जागा गेली आणि दर वेळी आपण म्हटले, जाऊ द्या, शेजारधर्म आहे.

दोन वर्षांपूर्वी गल्लीतल्या वाड्याला आग लागली तेव्हा बंब गल्लीच्या तोंडाशी उभा राहिला. शेजाऱ्यांनी बादल्यांनी आग विझवली. जीव गेला नाही ही रामाची कृपा. त्याच पावसाळ्यात आपल्या एका वृद्ध काकूंना खुर्चीवर बसवून चौघांनी उचलून रुग्णवाहिकेपर्यंत न्यावे लागले. त्यानंतर आपण अर्ज सुरू केले. नगरपालिका म्हणाली, जमीन नजूलची आहे, तहसिलीत जा. तहसील म्हणाली, रस्ता नगरपालिकेचा आहे, तिकडे जा. शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये असे आपल्याकडे म्हणतात. अकरा अर्ज आणि तीन पार्षदांची आश्वासने झाल्यावर आम्ही ती पायरी चढलो.

मागच्या आषाढात उच्च न्यायालयाचा आदेश झाला. त्याचा सारांश असा: नगरपालिकेने महसूल खात्याच्या मदतीने गल्ली आणि बावडी यांचे सीमांकन करावे, ज्यांचे बांधकाम हद्दीत येते त्यांना नोटीस देऊन त्यांचे म्हणणे ऐकावे, आणि तीन महिन्यांत अतिक्रमण दूर करावे. ते तीन महिने अश्विनात संपले. पटवारी एकदा येऊन गेले, त्यापलीकडे काही घडले नाही. आज ज्येष्ठ चालू आहे.

आता मूळ प्रश्न. अतिक्रमण काढणे हे नगरपालिकेच्या मर्जीवर आहे की तिचे कर्तव्य आहे? याचे उत्तर आपल्या माळव्यातच मिळालेले आहे. रतलामच्या न्यू रोडवरील रहिवासी उघड्या गटारी आणि घाणीला कंटाळून 1972 मध्ये दंडाधिकाऱ्यांकडे गेले. दंडाधिकाऱ्यांनी नगरपालिकेला काम करण्याचा आदेश दिला, तेव्हा नगरपालिकेने आपल्याकडे पैसे नाहीत असे सांगितले. प्रकरण सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेले. 1980 मध्ये न्यायमूर्ती कृष्ण अय्यर यांच्या पीठाने निकाल दिला की कायद्याने सोपवलेले कर्तव्य टाळण्यासाठी पैशाची अडचण हे कारण चालणार नाही. ज्या कलमाखाली रतलामकर गेले, ते फौजदारी प्रक्रिया संहितेचे कलम 133, 1 जुलै 2024 पासून भारतीय नागरिक सुरक्षा संहितेचे कलम 152 म्हणून लागू आहे. सार्वजनिक वाटेवरचा अडथळा दूर करण्याचा आदेश दंडाधिकारी त्याखाली देऊ शकतात. सरकारी जमिनीवरचा बेकायदा ताबा काढण्यासाठी आपल्या राज्याच्या भू-राजस्व संहितेचे कलम 248 आहे, आणि सीमांकनासाठी कलम 129. म्हणजे अधिकार नाहीत असे कोणी सांगितले तर ते खरे मानू नका.

दुसरा आधार 2011 चा. पंजाबात पतियाळा जिल्ह्यातील रोहर जागीर या गावी काही लोकांनी गावच्या तळ्याची जमीन भरून त्यावर घरे बांधली होती. पैसे घेऊन ताबा कायम करावा, असा मार्ग जिल्हा प्रशासनाने काढला होता. 28 जानेवारी 2011 रोजी जगपाल सिंग प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने तो फेटाळला. ताबा किती वर्षांचा आहे, बांधकामावर किती खर्च झाला, किंवा कोणाची राजकीय ओळख किती मोठी आहे, यावरून अतिक्रमण कायदेशीर होत नाही असे न्यायालयाने म्हटले आणि गावाच्या सामाईक जमिनी मोकळ्या करण्याच्या योजना आखण्यास सर्व राज्यांना सांगितले. भूमिहीन मजुरांना किंवा अनुसूचित जाती-जमातीच्या लोकांना सरकारी अधिसूचनेने दिलेली जमीन, किंवा जिथे आधीच शाळा, दवाखाना अशी सार्वजनिक सोय आहे, अशा अपवादात्मक ठिकाणीच नियमितीकरणाला वाव ठेवला. हा अपवाद लक्षात ठेवा, पुढे त्याचे काम पडणार आहे. मेरठच्या एका प्रकरणात 17 डिसेंबर 2024 रोजी सर्वोच्च न्यायालयाने हीच भूमिका पुन्हा घेतली. अधिकाऱ्यांनी उशीर केला किंवा डोळेझाक केली म्हणून बेकायदा बांधकाम कायदेशीर होत नाही.

आता अवमान म्हणजे काय ते पाहू. न्यायालयावर टीका केली की अवमान, एवढीच आपली समजूत असते. तो फौजदारी अवमान, वेगळा विषय. न्यायालय अवमान अधिनियम 1971 मध्ये दिवाणी अवमानही सांगितला आहे. न्यायालयाचा आदेश जाणूनबुजून न पाळणे किंवा न्यायालयाला दिलेली हमी जाणूनबुजून मोडणे, हा दिवाणी अवमान. त्याला सहा महिन्यांपर्यंत साधी कैद किंवा 2000 रुपयांपर्यंत दंड किंवा दोन्ही अशी शिक्षा आहे. उच्च न्यायालयाचा हा अधिकार घटनेच्या 215 व्या अनुच्छेदातून येतो.

दोन हजारांना कोण भितो, असे एका सभासदाने कार्यकारिणीत विचारले. दंडाला नसेल, पण नाव लागण्याला अधिकारी भितो. अवमानाच्या प्रकरणात ज्याने आदेश पाळला नाही त्या माणसाला व्यक्तिशः, नावानिशी उत्तर द्यावे लागते. 1995 मध्ये कर्नाटकातील एका वरिष्ठ आय.ए.एस. सचिवाला, जे. वासुदेवन यांना, सर्वोच्च न्यायालयाने एक महिन्याची कैद दिली. 2006 मध्ये महाराष्ट्रात आरागिरण्यांना न्यायालयाच्या आदेशाविरुद्ध परवानगी दिल्याबद्दल त्या वेळचे मंत्री स्वरूपसिंह नाईक आणि वनखात्याचे प्रधान सचिव अशोक खोत यांना एकेक महिन्याची कैद झाली.

पण मंडळी, या तलवारीला दुसरी धारही आहे. आंध्र प्रदेशात गुंटूर जिल्ह्यातील एका तहसीलदाराने उच्च न्यायालयाचा मनाई आदेश असताना गरिबांच्या झोपड्या पाडल्या. पुढे तो उपजिल्हाधिकारी झाला. 9 मे 2025 रोजी सर्वोच्च न्यायालयाने त्याची कैद माफ केली, पण त्याला पुन्हा तहसीलदार पदावर उतरवले आणि एक लाख रुपये दंड केला. अतिक्रमण काढा म्हटल्यावर न काढणे हा जसा अवमान, तसा काढू नका म्हटल्यावर काढणे हाही अवमान. न्यायालयाचा आदेश अतिक्रमणाच्या बाजूने किंवा विरुद्ध नसतो, तो कायद्याच्या बाजूने असतो.

आता याचिकेतील खाचखळगे. आम्ही वकिलांकडे तीन वेळा बसलो, त्यातून जे समजले ते सांगतो. इतर वस्त्यांतील आपल्या लोकांनाही त्याचा उपयोग होईल.

पहिली गोष्ट, आदेशाची भाषा. पुष्कळदा न्यायालय एवढेच म्हणते की अर्जदाराच्या निवेदनावर अमुक दिवसांत निर्णय घ्यावा. मग अधिकारी निवेदन फेटाळतो आणि आदेश पाळला असे सांगतो. ते चूकही नसते, कारण निर्णय घ्या एवढेच सांगितलेले असते. फेटाळण्याविरुद्ध नवी याचिका करावी लागते. आपला आदेश सुदैवाने स्पष्ट आहे. सीमांकन, सुनावणी, निष्कासन आणि तीन महिन्यांची मुदत, असे चारही शब्द त्यात आहेत.

दुसरी गोष्ट, मुदत. कलम 20 प्रमाणे अवमान घडल्यापासून एक वर्षाच्या आत कार्यवाही सुरू व्हावी लागते. आपल्या प्रकरणात तीन महिने संपले तो दिवस अश्विनातला. म्हणजे येत्या नवरात्राच्या आसपास आपले वर्ष संपते. गणपतीनंतर बघू असे म्हणत बसलो तर हातातला आदेश राहील आणि हत्यार जाईल. पुष्कळ मंडळे इथेच चुकतात.

तिसरी गोष्ट, 'जाणूनबुजून' हा शब्द. अधिकाऱ्याला आदेश माहीत होता हे दाखवावे लागते. म्हणून आदेशाची प्रमाणित प्रत पत्रासह देऊन त्यावर आवक क्रमांक आणि शिक्का घेतलेला असला पाहिजे. तो आपल्याकडे आहे. मधल्या काळात मुख्य नगरपालिका अधिकारी बदलले, म्हणून नव्या साहेबांनाही आम्ही प्रत दिली आणि पोच घेतली.

चौथी गोष्ट, अपेक्षा. अवमान याचिका म्हणजे हुकूमनाम्याची वसुली नव्हे, हे सर्वोच्च न्यायालयाने अनेकदा सांगितले आहे. मूळ आदेशात नसलेले काही तिथे मागता येत नाही. बहुतेक प्रकरणांत सुनावणीच्या आदल्या आठवड्यात जे.सी.बी. येतो, फोटो काढले जातात, माफी सादर होते आणि प्रकरण मिटते. आपल्यालाही तेवढेच हवे आहे. कोणाला तुरुंगात पाठवणे हा आपला हेतू नाही.

पाचवी गोष्ट गल्लीतल्या शेजाऱ्यांची. शेजारच्या खरगोनात एप्रिल 2022 मध्ये दंगलीच्या दुसऱ्याच दिवशी घरे-दुकाने पाडली गेली, ते आपण पाहिले. अशा पाडापाडीवर 13 नोव्हेंबर 2024 रोजी सर्वोच्च न्यायालयाने देशभरासाठी नियम घातले: किमान 15 दिवसांची नोटीस, प्रत्यक्ष सुनावणी, कारणांसह लेखी आदेश, त्यानंतर पुन्हा 15 दिवस, आणि कारवाईचे चित्रीकरण. ते मोडल्यास अधिकाऱ्यावर अवमानाची कारवाई आणि नुकसानभरपाई त्याच्या खिशातून. रस्ता, पदपथ, नदी, जलाशय यांवरील अतिक्रमणाला आणि न्यायालयानेच पाडण्याचा आदेश दिलेल्या बांधकामाला हे नियम लागू नाहीत. पण म्हणून कोणाला न विचारता पाडावे, असे आमचे म्हणणे नाही. आपल्या आदेशातच नोटीस आणि सुनावणी आहे. 1985 मध्ये मुंबईच्या पदपथवासीयांच्या ओल्गा टेलिस प्रकरणात घटनापीठाने पदपथावर कायम राहण्याचा हक्क मान्य केला नाही, पण उपजीविका हा जगण्याच्या हक्काचा भाग आहे आणि हटवण्यापूर्वी म्हणणे ऐकले पाहिजे, असे सांगितले. गल्लीच्या तोंडाशी हार-फुले विकणाऱ्या बाईंना पथविक्रेता अधिनियम 2014 प्रमाणे 30 दिवसांची नोटीस मिळाली पाहिजे आणि बसायला पर्यायी जागा मिळावी म्हणून आपण त्यांच्या बरोबर नगरपालिकेत गेले पाहिजे. तीन पिढ्या आपल्या घरचे हार त्यांच्याकडून आले आहेत.

आणि आता ज्यासाठी हा विषय आधी घेतला, ते.

आम्ही नकाशाची प्रत आणि टेप घेऊन गल्ली स्वतः मोजली. हद्दीत सतरा बांधकामे येतात. त्यांतले पाच ओटे आणि दोन जिने आपल्या सभासदांचे आहेत. आणि सर्वांत मोठे बांधकाम मंडळाचे आहे. सुमारे तीस वर्षांपूर्वी आपण वर्गणी काढून अर्ध्या बावडीवर स्लॅब टाकला आणि त्यावर खोली बांधली. गणपतीचे मखर, ढोल, पेटी-तबला, खुर्च्या त्या खोलीत आहेत. दर शनिवारी मुलांचा संस्कारवर्ग तिथे भरत असे. दिव्याखाली अंधार म्हणतात तो हा.

आपल्यातल्याच एका निवृत्त अभियंत्यांनी बाजूच्या फटीतून बॅटरी मारून खालून स्लॅब पाहिला. काँक्रीट जागोजागी गळून पडले आहे, सळया उघड्या पडून गंजल्या आहेत. खाली पाणी आहे. त्या दिवशी आमच्यापैकी कोणालाही रात्री नीट झोप लागली नाही. त्याच आठवड्यात खोलीला कुलूप लावले आणि संस्कारवर्ग मंदिराच्या सभामंडपात हलवला.

इंदूरचे आपल्याला वेगळे सांगायला नको. 30 मार्च 2023, रामनवमी. बेलेश्वर महादेव मंदिरात हवन चालू होते आणि लोक ज्या जमिनीवर बसले होते ती जमीन नव्हती, बावडीवर टाकलेला स्लॅब होता. तो खचला. 36 माणसे गेली, त्यांत बायका होत्या, मुले होती. त्याआधी महापालिकेने तेथील बांधकामाबद्दल मंदिर ट्रस्टला नोटीस दिली होती. ट्रस्टने धार्मिक भावना दुखावतील असे कळवले आणि कारवाई थांबली. अपघातानंतर चार दिवसांत तेच बांधकाम जे.सी.बी.ने पाडले. जे काम नोटिशीनंतर कोणाचाही जीव न जाता होऊ शकत होते, ते 36 चिता पेटल्यावर झाले. त्या ट्रस्टमधली माणसे वाईट होती असे आम्हाला वाटत नाही. ती आपल्यासारखीच होती. देवाचे काम आहे, समाजाचे काम आहे, आपल्याला कोण काय म्हणणार, असे त्यांना वाटले. आपल्यालाही तीस वर्षे तसेच वाटत आले.

कार्यकारिणीत या मुद्द्यावर तीन बैठका झाल्या आणि एकमत झाले नाही, हे लपवत नाही. एक मत असे की मंडळाची खोली ही सार्वजनिक सोय आहे, जगपाल सिंग निकालातल्या अपवादात ती बसते, म्हणून तिचे नियमितीकरण मागावे. आम्ही वकिलांना विचारले. ते हसून म्हणाले की शाळा आणि दवाखाना यांच्या रांगेत ढोल-ताशाची खोली बसवायची असेल तर बसवून बघा, पण न्यायाधीश पहिला प्रश्न विचारतील की इतरांची सोळा काढा आणि आमचे एक ठेवा, असेच तुमचे मागणे आहे ना. आणि समजा नियमितीकरण झालेच, तरी कागदाने सळयांचा गंज जात नाही.

दुसरे मत असे की आपली खोली राहील, तर याचिकाच करू नये, गुपचूप बसावे. नगरपालिकेतल्या एका साहेबांनीही तोंडी हेच सुचवले. म्हणाले, "आधी तुमचा हॉल काढा, मग आमच्यावर केस करा." कायद्याने त्यांचा हा बचाव होत नाही. याचिकाकर्त्याचे अतिक्रमण आहे म्हणून नगरपालिकेचे कर्तव्य संपत नाही. पण माणूस म्हणून त्यांनी आपल्याला आरसा दाखवला, आणि आम्हाला त्याचे उत्तर देता आले नाही. आज इथे ते उत्तर तयार करायचे आहे.

जुन्या घराण्यांना या गावात मान आहे, तो आपण इथल्या सार्वजनिक गोष्टी बांधल्या म्हणून. घाट, धर्मशाळा, बावड्या. त्याच बावडीवर आपण स्लॅब टाकला. जी गल्ली आपल्या आजोबांनी 18 फूट ठेवली ती आपण 7 वर आणली. नगरपालिकेला दोष देण्याचा आपल्याला हक्क आहे, आणि तो आपण वापरणार आहोत. पण हात स्वच्छ करून.

म्हणून कार्यकारिणी आपल्यापुढे तीन ठराव ठेवते.

एक: मंडळाची खोली आणि बावडीवरील स्लॅब मंडळाने स्वखर्चाने, जाणकार अभियंत्याच्या देखरेखीखाली, पाऊस जोर धरण्याआधी काढावा. बावडीला जाळी आणि कठडा करावा. यंदाच्या गणेशोत्सवाच्या सजावटीचा खर्च निम्मा करून ती रक्कम या कामाला द्यावी.

दोन: ज्या सात सभासदांचे ओटे आणि जिने हद्दीत आहेत त्यांनी नोटिशीची वाट न पाहता ते मागे घ्यावेत. त्यांपैकी चौघांनी आम्हाला होकार दिला आहे. उरलेल्या तिघांची नावे आम्ही इथे घेणार नाही. ज्यांच्या घरी वर चढायला दुसरा जिना नाही, त्यांच्यासाठी मंडळ कारागीर आणि पैसे या दोन्हींची मदत करील.

तीन: ही दोन कामे झाल्याचे फोटो आणि पत्र नगरपालिकेला देऊन, आदेश पाळण्यासाठी पंधरा दिवसांची शेवटची लेखी विनंती करावी. तेवढ्यातही सीमांकन सुरू झाले नाही तर श्रावण संपण्यापूर्वी अवमान याचिका दाखल करावी. खर्चासाठी वेगळी वर्गणी काढावी, मंडळाच्या शिक्षणनिधीला हात लावू नये.

पहिला ठराव फेटाळून फक्त तिसरा मंजूर करता येईल का, असे काल रात्री एकांनी फोनवर विचारले. सभेला तसा अधिकार आहे. पण तसे झाले तर याचिकेवर सही करायला आमच्यापैकी कोणी तयार नाही, हे आत्ताच सांगून ठेवतो.

हात वर करून मत घेऊ. घाई नाही, ज्यांना बोलायचे आहे त्यांनी आधी बोलावे. त्या खोलीच्या पायाभरणीत ज्यांनी स्वतः घमेली उचलली, ते दोन ज्येष्ठ सभासद समोर बसले आहेत. पहिला शब्द त्यांचा असावा अशी आमची विनंती आहे.